मेडिकल सोडलं, पोलिसात गेला अन् इटलीतल्या स्टेडियमला त्याचं नाव लागलं... जिमी जॉर्जची गोष्ट

सेलू असो, जिंतूर असो नाहीतर पाथरी. तालुक्याच्या गावात संध्याकाळी व्हॉलीबॉल खेळायला फार काही लागत नाही. दोन खांब, एक नेट, एक बॉल आणि चुन्याने मारलेल्या रेषा. कुठे शूटिंग चालतं, कुठे स्मॅशिंग. त्यातली बरीच पोरं पोलीस नाहीतर आर्मी भरतीची तयारी करणारी असतात.

या पोरांना विराट माहितीय, नीरज चोप्रा माहितीय. पण व्हॉलीबॉलमध्ये भारताचा सगळ्यात मोठा खेळाडू कोण, असं विचारलं तर बहुतेक जण गप्प बसतील.

त्याचं नाव जिमी जॉर्ज. तोही असाच एका छोट्या गावातून आला होता आणि त्यानेही पोलिसाची नोकरी धरली होती.

केरळच्या कन्नूर जिल्ह्यात पेरावूर नावाचं गाव आहे. डोंगराच्या कडेचं, शेतीवाडीचं. 8 मार्च 1955 ला तिथे जिमीचा जन्म झाला. वडील वकील, पण विद्यापीठ पातळीवर व्हॉलीबॉल खेळलेले. पोरांना खेळ त्यांनीच शिकवला. आणि पोरं किती? आठ भाऊ! कोर्टवर एका संघाचे सहा जण लागतात. म्हणजे घरातच टीम तयार, वर दोन राखीव.

ही नुसती गंमत नाही. 1987 मध्ये हे आठही भाऊ खरोखर एक संघ म्हणून केरळच्या निवडक खेळाडूंविरुद्ध मैदानात उतरले होते.

जिमी 16 वर्षांचा असतानाच केरळच्या राज्य संघात आला. पुढे कालिकत विद्यापीठाकडून खेळला. अभ्यासातही तो हुशार होता, मेडिकलला शिकत होता. 1974 ला तेहरानच्या एशियन गेम्ससाठी भारतीय संघात गेला आणि 1976 चा अर्जुन पुरस्कार त्याला मिळाला. वय फक्त 21.

त्याच 1976 मध्ये त्याने मेडिकल सोडलं आणि केरळ पोलिसात भरती झाला.

आजही एखाद्या पोराने हे केलं तर घरात काय होईल, याचा अंदाज मराठवाड्यातल्या कुणालाही येईल. पण त्या काळी (आणि बऱ्याच अंशी आजही) भारतात व्हॉलीबॉलपटूचं पोट खेळावर नाही, खात्यावर चालायचं. पोलीस, रेल्वे, सैन्यदल हे संघ बाळगायचे, खेळाडूला नोकरी द्यायचे आणि तो त्यांच्याकडून खेळायचा. महाराष्ट्रातही शासकीय नोकरीत खेळाडूंना 5 टक्के आरक्षण आहे, तेही याच वाटेवरचं. नोकरी पक्की होते, पण जगातल्या सर्वोत्तम खेळाडूंसमोर रोज खेळायला मिळत नाही.

जिमीला ते हवं होतं.

1979 ला तो अबुधाबीच्या क्लबकडून खेळायला गेला, तिथून 1982 ला थेट इटलीत. व्यावसायिक व्हॉलीबॉल खेळणारा पहिला भारतीय म्हणून त्याचं नाव घेतलं जातं. इटलीची लीग म्हणजे फुटबॉलवाल्यांसाठी जशी इंग्लंडची प्रीमियर लीग, तसा प्रकार. तिथे तो त्रेविझो आणि पुढे मोंतिकियारी या गावांच्या क्लबकडून खेळला.

त्याच्यात असं होतं काय? उंची साधारण सहा फूट दोन इंच. आपल्याकडे हा माणूस उंच वाटेल, पण युरोपातल्या व्हॉलीबॉलमध्ये ही उंची काही फार नाही. पुरुषांचं नेट 2.43 मीटरवर असतं आणि पलीकडे ब्लॉक करायला दोन-तीन जणांचे हात वर आलेले असतात. त्यांच्या वरून किंवा मधून बॉल काढायचा तर उडी जबरदस्त हवी. जिमीची उडी तशीच होती. तो हवेत क्षणभर थांबतो आणि मग मारतो, असं त्याला खेळताना पाहिलेले लोक सांगायचे. विज्ञानाच्या हिशोबाने हवेत कुणी थांबत नाही. पण उडी उंच असेल तर वरच्या टोकाला शरीराचा वेग अगदी कमी होतो आणि समोरचा ब्लॉकर आधी खाली यायला लागला, की मारणारा थांबल्यासारखा दिसतो. टायमिंगचा सगळा खेळ.

त्यात तेव्हाचे नियम वेगळे. आज प्रत्येक रॅलीला पॉइंट मिळतो आणि सेट 25 चा असतो. जिमीच्या काळात सेट 15 चा होता आणि ज्याची सर्व्हिस त्यालाच पॉइंट. समोरच्याची सर्व्हिस असताना रॅली जिंकली तर पॉइंट नाही, फक्त सर्व्हिस परत मिळायची. मॅच लांबत जायची आणि मारणाऱ्याला तासन् तास उड्या माराव्या लागायच्या.

इटलीत खेळत असतानाही तो देशासाठी येत राहिला. 1986 च्या सोल एशियन गेम्समध्ये चीनला सुवर्ण, दक्षिण कोरियाला रौप्य मिळालं आणि जपानला मागे टाकून भारताने कांस्य जिंकलं. जपान, म्हणजे 1972 च्या ऑलिम्पिकचं सुवर्ण जिंकलेला देश. त्याआधी भारताला 1958 ला कांस्य आणि 1962 ला रौप्य मिळालं होतं. 1986 नंतर मात्र एशियन गेम्समध्ये व्हॉलीबॉलचं पदक आलेलं नाही. 2023 ला हांगझोऊमध्ये भारताने दक्षिण कोरियाला हरवून खळबळ उडवली खरी, पण शेवट सहाव्या नंबरवर झाला.

सोलच्या पदकानंतर जिमी पुन्हा इटलीला गेला. 30 नोव्हेंबर 1987 ला तिथे झालेल्या कार अपघातात त्याचा मृत्यू झाला. वय 32. आठ भावांची ती मॅच झाली, तेच हे वर्ष.

तिरुवनंतपुरमच्या इनडोअर स्टेडियमला त्याचं नाव आहे. केरळच्या उत्कृष्ट खेळाडूला दरवर्षी त्याच्या नावाने पुरस्कार दिला जातो. अमेरिकेतले मल्याळी लोक त्याच्या नावाची व्हॉलीबॉल स्पर्धा भरवतात. त्याचा भाऊ रॉबर्ट तिहेरी उडीत गेला, पुढे कोच झाला. त्याची बायको आणि शिष्या म्हणजे अंजू बॉबी जॉर्ज, जिने 2003 ला पॅरिसच्या जागतिक ॲथलेटिक्स स्पर्धेत लांब उडीचं कांस्य आणलं.

आणि इटलीत, ब्रेशियाजवळच्या मोंतिकियारीमध्ये एक मोठं इनडोअर स्टेडियम आहे. ब्रेशियाचा बास्केटबॉल संघसुद्धा काही वर्षं तिथेच आपले सामने खेळायचा. त्या स्टेडियमचं नाव पालाजॉर्ज. त्यातला जॉर्ज म्हणजे पेरावूरचा जिमी.