रस्त्यावरील अपघाती मृत्यु व शेतकरी कुटुंबाचा भरपाईचा हक्क

ऊस कारखान्याकडे नेतांना, बाजाराहून परततांना किंवा शेताच्या वाटेनें हमरस्ता ओलांडतांना मोटारीच्या धडकेनें घरचा कर्ता पुरुष दगावल्याची वार्ता आतां कोणत्याही तालुक्यास नवी राहिली नाहीं. क्रियाकर्म आटोपतें, पेरणीचे दिवस येतात, आणि भरपाईचा हक्क मागावयाचा राहून जातो. म्हणून कायदा काय सांगतो हें येथें थोडक्यांत देत आहों.

मोटार वाहन अधिनियम, १९८८ यांत भरपाईचे तीन मार्ग आहेत.

पहिला कलम १६६ चा. यांत वाहन चालविणाऱ्याची चूक दाखवावी लागते. पण रकमेस ठराविक मर्यादा नाहीं. अर्ज मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे करावयाचा. अपघात परजिल्ह्यांत झाला तरी वारस जेथें राहतात तेथील न्यायाधिकरणाकडे तो करतां येतो. अपघातापासून ६ महिन्यांची मुदत १ एप्रिल २०२२ पासून कायद्यांत आहे. ती उलटली असल्यास निराश न होतां वकिलाचा सल्ला घ्यावा.

दुसरा कलम १६४ चा. येथें चूक सिद्ध करावी लागत नाहीं. मृत्यूबद्दल ५ लाख रुपये ठरलेले आहेत. मात्र ही रक्कम पत्करल्यावर पहिल्या मार्गाचा दावा उरत नाहीं. विमा कंपनीच्या कागदावर घाईनें अंगठा किंवा सही करूं नये, तें याचसाठीं.

तिसरा कलम १६१ चा. धडक देऊन पळालेल्या वाहनाचा पत्ताच लागला नाहीं, तर २ लाख रुपये मिळतात. हा अर्ज तहसीलदार किंवा प्रांताधिकारी यांजकडे करावयाचा.

आतां जमीनदार शेतकऱ्यास विशेष महत्त्वाचा मुद्दा. पुष्कळांची समजूत अशी कीं, शेताचें सारें उत्पन्न दाखविलें म्हणजे तेवढी भरपाई मिळेल. तसें होत नाहीं. सर्वोच्च न्यायालयानें २००३ सालीं सांगितलें कीं, जमीन तर वारसांकडेच राहते. बुडते ती मृताची मेहनत व देखरेख. म्हणून त्याच्या जागीं माणूस ठेवण्यास काय खर्च येतो हें दाखविणें अवश्य आहे. सात-बाराचा उतारा, बाजारपट्ट्या व कारखान्याचीं बिलें जपावींच. पण मागाहून गडी ठेवावा लागला असेल तर त्याच्या मजुरीच्या पावत्या त्याहून उपयोगी पडतात. शेतांत व घरांत राबणाऱ्या स्त्रीच्या कष्टांसही न्यायालयें मोल देतात, हें विसरूं नये.

हिशेब २००९ व २०१७ सालच्या सर्वोच्च न्यायालयाच्या निवाड्यांप्रमाणें होतो. समजा, मृताचें वय ३८. मागें पत्नी, दोन मुलें व आई. आणि त्याच्या कष्टाचें व देखरेखीचें मोल दरमहा १२,००० रुपये ठरलें. वर्षाचे १,४४,००० झाले. वय ४० पेक्षां कमी असल्यानें पुढील वाढीबद्दल शेंकडा ४० मिळवावे, म्हणजे २,०१,६००. अवलंबून असणारीं माणसें चार असल्यानें मृताच्या स्वतःच्या खर्चाबद्दल चौथा हिस्सा वजा जातां १,५१,२०० उरले. ३६ ते ४० या वयास गुणक १५ आहे. तेव्हां रक्कम २२,६८,००० होते. उत्तरक्रिया व सहवासाची हानि यांबद्दलच्या ठराविक रकमा निराळ्या. मृताचीही कांहीं चूक ठरल्यास त्या मानानें रक्कम कमी होते.

याची दुसरीही बाजू आहे. आपल्याच ट्रॅक्टरखालीं कोणी दगावला आणि विमा उतरविलेला नसला, तर भरपाई मालकास पदरची द्यावी लागते. शेतीकामासाठीं घेतलेल्या विम्यांत ट्रॉलींत बसविलेल्या माणसांचा समावेश सामान्यतः नसतो. मजुरांस किंवा वऱ्हाडास ट्रॉलींतून नेणाऱ्यांनीं याचा विचार करावा.

दुर्दैवानें प्रसंग आलाच तर पोलिसांत फिर्याद नोंदवून तिची नक्कल, पंचनामा, शवविच्छेदनाचा अहवाल, वयाचा दाखला आणि वाहनाचा क्रमांक व विम्याचा तपशील हीं मिळवावीं. अर्ज सर्व वारसांच्या वतीनें करावा. वृद्ध आईबाप किंवा विधवा सून यांस वगळूं नये. महाराष्ट्रांतील खातेदाराच्या कुटुंबानें गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेखालींही तालुका कृषि अधिकाऱ्याकडे ताबडतोब अर्ज करावा. तींत अपघाती मृत्यूस २ लाख रुपये आहेत.

गेलेला माणूस पैशानें परत येत नाहीं, हें खरें. परंतु त्याच पैशांवर सावकाराच्या दारीं न जातां पुढची पेरणी होते व मुलांचें शिक्षण चालतें. हा हक्क मागण्यांत संकोच मानण्याचें कारण नाहीं. ज्यास वाचतां येतें त्यानें ही माहिती शेजारच्या घरींही सांगावी, एवढीच विनंति.