बॉसची रेसिपी बदलली तर?

कार्टून? आणि तेही स्वयंपाकाचं? मैत्रिणीने ‘शोकुगेकी नो सोमा’ बघायचा आग्रह केला तेव्हा माझी पहिली रिॲक्शन हीच होती. पण एकदा बसले आणि रात्रीचे दोन कधी वाजले कळलंच नाही!

युतो त्सुकुदा आणि शुन साएकी यांच्या मांगावरून 2015मध्ये आलेली ही ॲनिमे ‘फूड वॉर्स’ या नावानेही ओळखली जाते. हिरो सोमा हा साध्या खानावळवाल्याचा मुलगा. तो तोत्सुकी या बड्या कुकिंग स्कूलमध्ये येतो. इथला फंडा सिंपल: भांडण झालं की ‘शोकुगेकी’, म्हणजे पैज लावून स्वयंपाकाची लढत.

पहिल्या सीझनमधला ट्रेनिंग कॅम्प मात्र सॉलिड आहे. परीक्षक असतात शाळेचे नामवंत माजी विद्यार्थी. त्यातलाच एक शिनोमिया, पॅरिसमध्ये स्वतःचं रेस्टॉरंट चालवणारा. नऊ भाज्यांचं टेरीन (साच्यात थर लावून जमवायचं आणि काप काढून वाढायचं) त्याच्या रेसिपीनुसार करायचं. बुजरी मेगुमी मागे पडते आणि तिच्या वाट्याला उतरलेला फ्लॉवर येतो. रंग जाऊ नये म्हणून ती व्हिनेगर वापरते. पदार्थ छान होतो. तरीही शिनोमिया म्हणतो, रेसिपी बदललीस, घरी जा!

माझ्या पहिल्या नोकरीत साहेबांच्या फॉरमॅटमध्ये मला ढळढळीत चूक दिसली होती. मी गप्प बसले. चूक तशीच क्लायंटकडे गेली आणि बोलणी मीच खाल्ली. त्यामुळे मेगुमीसाठी जीव तुटला, ते उगाच नाही.

सोमा गप्प बसत नाही. हरलो तर मीही शाळा सोडतो, म्हणून तो शिनोमियालाच आव्हान देतो. पण अट पडते की मुख्य शेफ मेगुमी आणि सोमा फक्त मदतनीस. ती सात भाज्यांचं रंगीत टेरीन करते. शिनोमिया कोबीत सारण भरून ‘शू फार्सी’ करतो. आवडलेल्या डिशसमोर परीक्षकांनी नाणं ठेवायचं. निकाल 3-0. मेगुमी हरते!

आणि इथेच खरी गंमत आहे. ज्येष्ठ शेफ दोजिमा स्वतःचं नाणं मेगुमीच्या ताटलीसमोर ठेवतो. शिनोमिया नाइलाजाने तिचा पदार्थ चाखतो, तर त्यात ऑलस्पाइस! परीक्षक दिवसभर चाखून दमलेत, त्यांना पचायला सोपं जावं म्हणून घातलेलं. शिनोमियाला आई आठवते. पॅरिसमध्ये सगळ्यांशी झगडत वर चढताना आपण कुठे अडकलो, हे उमगतं. तो स्वतःच तिच्यासमोर नाणं ठेवतो, पाठोपाठ इनुईही. 3-3! मेगुमीची हकालपट्टी टळते.

मला भावलं ते हे, की मेगुमी बंड वगैरे करत नाही. ती फक्त खाणाऱ्याचा विचार करते. पुढच्या प्रेझेंटेशनला उभे राहाल तेव्हा समोरचा सकाळपासून किती स्लाइड्स बघून थकलाय, एवढं जरी आठवलं तरी पुष्कळ.

एक सूचना: इथे घास आवडला की पात्रांचे कपडे उडतात. तेव्हा आई-बाबांसोबत बघायचं धाडस नकोच!