आजीची न्हाणी आणि पंधरा पट्ट्या

सुरुवातीलाच कबूल करते. कॉन्व्हेंटमध्ये शिकल्यामुळे माझं मराठी म्हणजे अर्धं घरचं आणि अर्धं हॉस्टेलचं आहे. तेव्हा ऱ्हस्व-दीर्घ सांभाळून घ्या.

मागच्या वर्षी डिसेंबरमध्ये आजी बाथरूममध्ये घसरली आणि मनगट मोडलं. प्लास्टर निघालं, पण भीती काही निघेना. दार उघडं ठेवून, आईला बाहेर उभं करूनच ती आंघोळ करायची. जी बाई सत्तरीतही एकटी बाजारात जायची, तिला हे किती लागलं असेल! रबराची मॅट आणून पाहिली, तर आठ दिवसांत तिच्याखालीच शेवाळ धरलं. मग ठरवलं, लाकडी पट्ट्यांचा पाट करायचा.

"लाकूड? आणि पाण्यात?" असं सगळ्यांनी विचारलं. उत्तर सोपं आहे. लाकूड नुसतं भिजल्याने कुजत नाही, ते वाळू न दिल्याने कुजतं. कुजवणारी बुरशी वाढायला लाकडात साधारण २० टक्क्यांहून जास्त ओलावा सतत राहावा लागतो. रोज भिजून रोज वाळलं तर बुरशीला संधीच मिळत नाही. शिवाय पट्ट्यांमधून पाणी खाली जातं, त्यामुळे गुळगुळीत टाइलवर पाय आणि फरशीमध्ये साबणाच्या पाण्याचा जो थर राहतो, तो इथे टिकत नाही.

लाकूड सागाचं घेतलं, घराच्या जुन्या दाराच्या चौकटीतलं. सागात नैसर्गिक तेल असतं, पण गंमत अशी की हा टिकाऊपणा फक्त गाभ्याच्या तपकिरी लाकडात असतो. सालीकडचं पांढरट लाकूड सागाचंच असलं तरी लवकर कुजतं. निवडताना रंग बघा, नुसत्या नावावर जाऊ नका.

आता थोडं गणित. (घाबरू नका, व्हायवा नाही!) लाकूड ओलं झालं की रुंदीत फुगतं, लांबीत जवळजवळ नाही. ओलाव्यात ८ टक्क्यांचा फरक पडला तर साग रुंदीत साधारण दीड टक्का फुगतो. म्हणजे ९०० मिमीचा अखंड फळा केला तर तो १३ मिमी वाढेल आणि भिंतीला अडून उचलला जाईल. तेच ५० मिमीची सुटी पट्टी एक मिमीसुद्धा वाढत नाही. म्हणून ५० मिमी रुंद, २० मिमी जाड अशा पंधरा पट्ट्या आणि मध्ये ८ मिमीच्या फटी ठेवल्या. भिंतीपासून चारी बाजूंनी २० मिमी जागा सोडली.

पट्ट्यांखाली तीन आडव्या रिपा, दोन कडेला आणि एक मध्ये. रिपा उताराच्या दिशेनेच हव्यात, नाहीतर त्याच पाणी अडवतात. आमच्या फरशीला जाळीकडे १२ मिमी उतार होता. म्हणून सुतारकाकांनी रिपा एका टोकाला २५ आणि दुसऱ्या टोकाला ३७ मिमी अशा रंधून दिल्या. त्यामुळे वरून पाट सपाट आणि खालून पाणी वाहतं.

माझ्या चुकाही सांगते. पहिल्यांदा मी साधे लोखंडी स्क्रू वापरले. एका पावसाळ्यात प्रत्येक स्क्रूभोवती काळा डाग! लोखंड आणि लाकडातलं टॅनिन यांची ती रिअॅक्शन. आता स्टेनलेस स्टीलचे स्क्रू आहेत, तेही खालच्या बाजूने. दुसरी चूक म्हणजे सगळा पाट अखंड केला. वजन भरलं दहा किलो! आई तो उचलून खालची फरशी धुणार कशी? मग आठ आणि सात पट्ट्यांचे दोन भाग केले. जागा बदलू नये म्हणून खाली खुणा केल्या.

व्हार्निश लावू नका. त्याखाली पाणी शिरलं की ते सोलतं आणि ओलं असताना घसरतंही. आम्ही डबल बॉइल्ड जवसाच्या तेलाचे दोन पातळ हात दिले आणि जास्तीचं पुसून काढलं. पट्ट्यांची कापलेली टोकं सर्वात जास्त पाणी पितात, तिथे तेल दोनदा जास्त द्या. आणि महत्त्वाचं, तेलाच्या चिंध्या चुरगळून टाकू नका. हे तेल वाळताना उष्णता सोडतं आणि चिंध्या आपोआप पेटू शकतात. त्या पाण्यात बुडवा किंवा उघड्यावर पसरून वाळवा.

देखभाल अशी:
– आंघोळ झाली की पाट भिंतीला टेकवून उभा करणे.
– आठवड्यातून एकदा सौम्य साबण आणि ब्रशने रेषांच्या दिशेने घासणे. साबणाचा थर साचला तर लाकूडही घसरतं. बाथरूमचं अॅसिड अजिबात नको.
– सहा महिन्यांनी स्क्रू आवळणे आणि टोच्याने टोचून पाहणे. लाकूड मऊ लागलं तर तेवढी पट्टी बदलणे.
– वर्षातून एकदा पाण्याचा थेंब टाकून बघणे. थेंब लगेच जिरला तर पुन्हा तेलाचा हात.

पाटाने सगळं काम होत नाही. भिंतीला धरायला एक दांडाही बसवला आहे.

पहिल्या दिवशी आजी पाटावर उभी राहिली, पायाने दोनदा दाबून पाहिलं आणि म्हणाली, "हालत नाही गं." मग आईकडे वळून, "तू जा आता, कुकर लाव." आणि आतून दार लावून घेतलं.

सबमिशनला मिळालेल्या कुठल्याही मार्कांपेक्षा त्या कडीचा आवाज मला जास्त आवडला. सुट्टीत घरी जाल तेव्हा एकदा बाथरूमच्या फरशीवर पाय घासून बघा!