मौलालीचा डोंगर आणि एक पंजा

हैदराबादच्या विद्यानगरहून ईशान्येला निघालं की काही किलोमीटरांवर मौलालीचा डोंगर लागतो. उघडाबोडका ग्रॅनाइट. भूवैज्ञानिक त्याचं वय सांगतात सुमारे 250 कोटी वर्षं. आपण मान डोलावतो, कारण आकडा डोक्यात शिरलेलाच नसतो. मग दर सेकंदाला एक वर्ष मोजून बघा. झोप नाही, जेवण नाही, सुट्टी नाही. मोजणी संपेल 79 वर्षांनी! आणि डोंगरावरच्या दर्ग्याचं वय? ते साडेसात मिनिटांत मोजून मोकळे.

दर्गा 1578 सालचा, इब्राहिम कुतुबशहाच्या अमदानीतला. त्याच्या याकूत नावाच्या सेवकाच्या स्वप्नात हजरत अली या डोंगरावर दिसले, हात दगडावर टेकलेला. सकाळी दगडावर पंजाचा ठसा सापडला, ही श्रद्धा. तेव्हा चारमिनारही नव्हता. तो 13 वर्षांनी, 1591 मध्ये उभा राहिला. म्हणजे शहराआधी तीर्थ! कुतुबशहा शिया. पुढे निजाम आले, ते सुन्नी. तरी रजब महिन्यातल्या उरुसाचा थाट उतरला नाही. कवयित्री महलका बाई चंदा तर पायथ्याशीच विसावली आहे.

आता गाडीत बसा. मुंबई ते पुणे, लोहमार्गाने 192 किलोमीटर. सीएसएमटीला हा दगड जन्मला, पुणे स्टेशन म्हणजे आजचा दिवस. एक किलोमीटर म्हणजे 1 कोटी 30 लाख वर्षं! दादर गेलं, कल्याण गेलं, कर्जत गेलं, नुसते सूक्ष्मजीव. घाट चढलो, लोणावळ्याला चिक्की घेतली, तरी एकही प्राणी नाही. खडकी मागे पडली, पुणे पाच किलोमीटरवर आलं, आणि डायनासोर मेले. अहो, ज्या घाटातून आलो त्याचा लाव्हासुद्धा याच सुमाराला वाहतोय! आपला राकट, दणकट सह्याद्री मौलालीपुढे अगदीच पोरसवदा. आणि माणूस? शेवटचे 23 मीटर. एक डबा!

दर्गा तर फलाटालगतच्या साडेतीन सेंटिमीटरांत. 1677 मध्ये शिवाजी महाराज तेव्हाच्या कुतुबशहाच्या भेटीला भागानगरात, म्हणजे हैदराबादेत आले, ते पावणेतीनवर. ज्ञानेश्वरी साडेपाचवर. खुद्द हजरत अली अकरावर. रुळावर हात ठेवा: अली, ज्ञानदेव, महाराज, चारमिनार, निजाम, सगळे एका पंजाखाली, आणि बोटांच्या टोकांशी अजून जागा शिल्लक!