बोनकोडेखालचा समुद्र

नवी मुंबईतल्या आमच्या बोनकोडे गावाच्या खाडीकडच्या अंगाला जुनं घर पाडून इमारत उभी राहते आहे. पायासाठी बोअर घेतला, तेव्हा वरचा मुरूम संपल्यावर राखाडी चिकणमाती निघाली. तिच्यात शिंपल्यांचे तुकडे होते. दुपारपर्यंत ती डेब्रिजच्या डंपरमध्ये गेली. जीव तुटला, कारण त्या मातीत समुद्राचा इतिहास होता.

सुमारे २० हजार वर्षांपूर्वी समुद्र आजच्यापेक्षा जवळजवळ १२० मीटर खाली होता. हिमयुगातला बर्फ वितळला, पाणी चढत गेलं आणि सहा-सात हजार वर्षांपूर्वी आजच्या पातळीजवळ पोचलं. तेव्हापासून भरती गाळ आणते आहे. कोकण किनाऱ्यावर ठिकठिकाणी वाळू-शिंपले चुन्याने सांधले जाऊन करळ दगड बनला. आमच्या खाडीत चिखल साचत राहिला. त्याच चिखलावर बांध घालून पूर्वजांनी खारं भात पिकवलं, मिठागरं काढली. मग नवी मुंबई शहर वसवायला १९७० मध्ये सिडको स्थापन झाली.

मला थांबायचं आहे ते नव्वदच्या दशकात. १९९२ मध्ये महापालिकेचा कारभार सुरू झाला, त्याच वर्षी वाशीला लोकल आली आणि खाजणांवर भरावाचा वेग वाढला. पूर्वेच्या डोंगरांत सुरुंग उडत आणि तोच डोंगर डंपरने खाडीकाठी येऊन पडे. साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हारस गोठून झालेला दगड आम्ही जिवंत गाळावर ओतला. नकाशे घेऊन आलेले साहेब त्या जमिनीला पडीक म्हणत. जिथे आमच्या आया-आज्या निवट्या आणि चिंबोऱ्या धरत, तिसऱ्या वेचत, ती जमीन पडीक नव्हती. तेव्हा आमचं कुणी ऐकलं नाही.

आज तेच शहर मुसळधार पावसात भरतीची वेळ पाहून धास्तावतं. भरतीचं पाणी अडवून पावसाचं साठवायला बांधलेले धारण तलाव गाळाने उथळ झाले, त्यांत कांदळवन माजलं. समुद्राने आपलं काम थांबवलेलं नाही. २०२२ मध्ये आमच्या या ठाणे खाडीला पाणथळ जागांसाठीचा रामसर दर्जा मिळाला, रोहित पक्षी पाहायला लोक दुरून येतात. पण रोहित जगतात ते याच चिखलावर, हे भराव टाकणाऱ्यांना अजून पटलेलं नाही.

उरलेल्या खाजणांवर एक डंपरही रिकामा होऊ देऊ नका. आणि नव्या इमारतीसाठी बोअर घ्याल तेव्हा मातीचा एक नमुना, खोलीची नोंद करून, गावातल्या शाळेला द्या. आपण कशावर उभे आहोत, ते मुलांना कळायला हवं.