गेमचा आवाज वेगळा, तुमचा आवाज वेगळा: लाइव्ह स्ट्रीम रेकॉर्ड करताना पहिल्या दिवसापासून असं करा



गेमिंग चॅनल सुरू करणाऱ्याचा पहिला खर्च कशावर होतो? ग्राफिक्स कार्ड, लाइटवाला कीबोर्ड, खुर्ची. आवाजाकडे लक्ष जातं ते सगळ्यात शेवटी. आणि गंमत अशी की आवाजाचं जे काम मी आज सांगणार आहे, त्याला एक रुपयाही लागत नाही. लागतात फक्त सेटिंगमधल्या दहा-बारा टिका.

समजा तुम्ही बीजीएमआयचा तीन तासांचा लाइव्ह केला. दुसऱ्या तासाला तुम्ही एकटे उरलात, समोर चार जण, आणि तुम्ही चौघांनाही उडवलंत. त्या भरात तोंडातून अस्सल मराठीत असं काही निघालं की त्याचा शॉर्ट तुफान चालला असता. दुसऱ्या दिवशी क्लिप कापायला बसता, तर तुमच्या वाक्यावरून गोळीबार चाललेला. गेमचा आवाज कमी करायला जावं, तर तुमचाही कमी होतो. कारण दोन्ही आवाज एकाच ट्रॅकवर रेकॉर्ड झालेत. खिचडी शिजल्यावर डाळ-तांदूळ वेगळे करायला बसलात तर काय होणार?

आता तुम्ही म्हणाल, "सर, एआयची टूल्स आहेत की, आवाज वेगळा करून देतात." देतात, नाही असं नाही. पण गोळीबार, स्फोट आणि तुमची आरडाओरड एकाच वेळी चालू असेल, तर निघालेला आवाज बादलीत तोंड घालून बोलल्यासारखा येतो. अडल्यावेळी वापरा. रोजच्या कामाची पद्धत म्हणून नको.

मुद्दा धंद्याचा आहे. लाइव्ह संपला की त्याचं रेकॉर्डिंग हा तुमचा कच्चा माल. त्यातून शॉर्ट्स निघतात, हायलाइट निघतात, एखाद्या ब्रँडने "आमच्याबद्दल बोललात ती तीस सेकंदांची क्लिप पाठवा" म्हटलं तर तीही यातूनच. गेम तर लाखो लोक तोच खेळतायत. तुमचं स्वतःचं असं त्या रेकॉर्डिंगमध्ये काय आहे? तुमचा आवाज आणि तुमचं बोलणं. तोच माल मिसळून टाकला, तर गोदामात विकायला उरलं काय?

कॉम्प्युटरवर स्ट्रीम करत असाल तर

सॉफ्टवेअर एकच सांगतो: ओबीएस स्टुडिओ. मोफत आहे, आणि ओपन सोर्स असल्यामुळे उद्या अचानक पैसे मागेल ही भीती नाही. यात रेकॉर्डिंगसाठी 6 वेगवेगळे ऑडिओ ट्रॅक मिळतात. बहुतेक जण आयुष्यभर पहिलाच वापरतात, कारण बाकीचे पाच कुठे आहेत हे त्यांना माहीतच नसतं.

आधी सेटिंग्जमध्ये जाऊन "आउटपुट" उघडा आणि वरचा मोड "सिंपल"वरून "ॲडव्हान्स्ड" करा. आता "रेकॉर्डिंग" टॅबमध्ये ऑडिओ ट्रॅक 1 ते 6 असे चौकोन दिसतील. त्यातल्या 1, 2, 3 आणि 4 वर टिक करा. "स्ट्रीमिंग" टॅबमध्ये मात्र ट्रॅक 1 च ठेवा. यूट्यूब लाइव्हला एकच मिसळलेला आवाज जातो, तो ट्रॅक 1 चा.

मग माझी वाटणी अशी असते: ट्रॅक 1 वर सगळं एकत्र, लाइव्ह बघणाऱ्यांसाठी. ट्रॅक 2 वर फक्त माइक. ट्रॅक 3 वर फक्त गेम. ट्रॅक 4 वर डिस्कॉर्डवरचे मित्र. पाचवा हवा असेल तर बॅकग्राउंड म्युझिकसाठी. तुम्ही दुसरा क्रम लावलात तरी बिघडत नाही, पण एकदा लावला की बदलू नका. सहा महिन्यांनी एडिटर ठेवलात, तर त्याला डोळे मिटून कळलं पाहिजे की दोन नंबर म्हणजे तुमचा आवाज.

ही वाटणी होते ऑडिओ मिक्सरच्या "ॲडव्हान्स्ड ऑडिओ प्रॉपर्टीज"मध्ये. तिथे प्रत्येक आवाजासमोर सहा चौकोन असतात. माइकसमोर 1 आणि 2, गेमसमोर 1 आणि 3, डिस्कॉर्डसमोर 1 आणि 4. बाकीच्या टिका काढून टाका. सुरुवातीला सगळ्यांसमोर सहाही टिका असतात, म्हणून सहाही ट्रॅकवर तीच खिचडी रेकॉर्ड होते आणि लोक म्हणतात, "सर, ट्रॅक चालू केले पण फरकच पडला नाही."

पण ओबीएसला गेमचा आवाज आणि डिस्कॉर्डचा आवाज वेगळे कळणार कसे? पूर्वी यासाठी व्हर्च्युअल केबल टाकण्याचे उद्योग करावे लागायचे. 2022 साली ओबीएसचं 28 वं व्हर्जन आलं आणि त्यात "ॲप्लिकेशन ऑडिओ कॅप्चर" नावाचा सोर्स मिळाला. विंडोज 10 चं 2004 व्हर्जन किंवा त्यापुढचं, नाहीतर विंडोज 11 असलं की झालं. सोर्स जोडायचा, यादीतून गेम निवडायचा. दुसरा सोर्स जोडायचा, डिस्कॉर्ड निवडायचा.

आणि हे झाल्यावर "डेस्कटॉप ऑडिओ" बंद करायला विसरायचं नाही. सेटिंग्जच्या "ऑडिओ"मध्ये जाऊन तो डिसेबल करा. नाहीतर गेमचा आवाज दोन वाटांनी येतो, एकदा ॲप्लिकेशनमधून आणि एकदा डेस्कटॉपमधून, आणि पत्र्याच्या पिंपातून आल्यासारखा ऐकू येतो. शिवाय व्हॉट्सॲपची टिंगटिंगही लाइव्हवर जाते ती वेगळीच.

अजून एक खाचखळगा. हा सोर्स ज्या सीनमध्ये जोडलाय त्याच सीनमध्ये चालतो. तुम्ही "पाच मिनिटांत परत येतो" वाल्या सीनवर गेलात आणि तिथे डिस्कॉर्डचा सोर्स नसेल, तर मित्रांचा आवाज बंद. म्हणून सोर्स कॉपी करून प्रत्येक सीनमध्ये "पेस्ट रेफरन्स" करून ठेवा.

फेडर आणि फिल्टर: इथे बरेच जण फसतात

लोकांना वाटतं, ट्रॅक वेगळे केले म्हणजे ते पूर्ण स्वतंत्र झाले. तसं नाहीये. मिक्सरमध्ये तुम्ही माइकचा फेडर खाली ओढलात, तर तो ट्रॅक 1 वरही कमी होतो आणि ट्रॅक 2 वरही. म्यूट केलं तर सगळीकडे म्यूट. फिल्टरचंही तेच. माइकवर नॉइज सप्रेशन लावलं तर ते रेकॉर्डिंगमध्येही कायमचं बसतं.

आपल्याकडे एप्रिल-मे महिन्यात पंखा बंद ठेवून तीन तास बोलणं शक्य नाही, त्यामुळे नॉइज सप्रेशन लागतंच. पण ते जास्त झालं की शब्दांची शेवटची अक्षरं खाल्ली जातात. उपाय सोपा आहे. तोच माइक ओबीएसमध्ये दुसऱ्यांदा सोर्स म्हणून जोडा. पहिल्याला फिल्टर लावा आणि तो फक्त ट्रॅक 1 ला द्या. दुसरा कोरा ठेवा आणि फक्त ट्रॅक 2 ला द्या. लाइव्हवर साफ आवाज जातो, तुमच्याकडे मूळ आवाज राहतो.

तुम्ही बोलायला लागलात की गेमचा आवाज आपोआप खाली जातो, ते "डकिंग" सगळ्यांना आवडतं. ओबीएसच्या कंप्रेसर फिल्टरमध्ये ते करता येतं. पण ते लावलेला गेमचा आवाज ट्रॅक 3 वरही खाली-वर होत राहणार, आणि एडिटिंगमध्ये तुमचं बोलणं कापलं की गेम उगाचच दम लागल्यासारखा वाटणार. इथेही तीच युक्ती: गेमचे दोन सोर्स, एक डकिंगवाला लाइव्हसाठी, एक कोरा रेकॉर्डिंगसाठी.

लेव्हलचं म्हणाल तर ओबीएसच्या मीटरवर उणे 20 डेसिबलपर्यंत हिरवा, उणे 20 ते उणे 9 पिवळा आणि त्यापुढे लाल पट्टा असतो. तुमचं नेहमीचं बोलणं पिवळ्यात खेळलं पाहिजे. ओरडल्यावर लाल झालं तर चालेल, पण शून्याला धडकलं तर आवाज फाटतो आणि फाटलेला आवाज कुणीही शिवून देत नाही. गेम हिरव्यातच ठेवा. तो कमी रेकॉर्ड झाला तरी चिंता नाही, एडिटिंगमध्ये वाढवता येतो. माइकचं तसं नाही. माइकचा आवाज वाढवला की त्याच्यासोबत पंखा, रस्ता आणि शेजारच्यांचा टीव्हीसुद्धा वाढतो.

आणि हेडफोन घाला. स्पीकरवर गेम ठेवलात तर तो हवेतून माइकमध्ये शिरणारच, मग ओबीएसमध्ये सहाच्या जागी साठ ट्रॅक असले तरी उपयोग नाही. हेडफोन वायरचे घ्या. ब्लूटूथ इअरबडचा माइक विंडोजवर चालू केला की बहुतेक वेळा माइक आणि ऐकू येणारा आवाज, दोन्हींची क्वालिटी फोन कॉलसारखी पडते.

गेमच्या आतला व्हॉइस चॅट हा तेवढा अडचणीचा भाग आहे. तो गेमच्याच ॲप्लिकेशनमधून येतो, त्यामुळे ट्रॅक 3 मध्ये गेमसोबत मिसळतो. टीम ठरलेली असेल तर सरळ डिस्कॉर्डवर बोला. आणि मित्रांना आधी सांगा की आवाज रेकॉर्ड होतोय. उद्या त्या क्लिपवर पैसे यायला लागले की मैत्रीत विषय निघतोच!

फाइल कुठल्या फॉरमॅटमध्ये?

रेकॉर्डिंग एमकेव्हीमध्ये करा. साधी एमपी4 फाइल रेकॉर्ड होत असताना लाइट गेली तर ती पूर्ण फाइल हातची जाऊ शकते. एमकेव्हीत लाइट जाईपर्यंतचा भाग वाचतो. नंतर ओबीएसच्या "फाइल" मेनूत "रिमक्स रेकॉर्डिंग्ज" आहे, तिथून एमपी4 करून घ्या, सगळे ट्रॅक शाबूत राहतात. एफएलव्ही फॉरमॅट मात्र घेऊ नका, त्यात एकच ट्रॅक मावतो.

जागा किती खाणार? 160 केबीपीएसचा एक ऑडिओ ट्रॅक तासाला साधारण 72 एमबी घेतो. तीन जास्तीचे ट्रॅक म्हणजे तासाला सव्वादोनशे एमबीच्या आत. 6000 केबीपीएसचा व्हिडिओच तासाला 2.7 जीबी होतो, त्यापुढे हे काहीच नाही.

फाइल उघडून बघाल तेव्हा घाबरू नका. प्लेअर एका वेळी एकच ट्रॅक वाजवतो. व्हीएलसीमध्ये "ऑडिओ ट्रॅक" मेनूतून बाकीचे ऐकता येतात. एडिटिंगसाठी दाविंची रिझॉल्व्ह, केडीएनलाइव्ह किंवा प्रीमिअरमध्ये सगळे ट्रॅक एकाखाली एक दिसतात. मोबाइलवरच्या एडिटरवर अवलंबून असाल तर तो एकापेक्षा जास्त ट्रॅक उघडतो का, हे आधी एका छोट्या फाइलवर तपासा.

फक्त मोबाइल असेल तर

आपल्याकडचे बहुतेक नवे क्रिएटर इथेच आहेत, आणि इथे काम थोडं कटकटीचं आहे हे मोकळेपणाने सांगतो. अँड्रॉइड 10 पासून स्क्रीन रेकॉर्डरला गेमचा आतला आवाज घेता येतो, पण व्हॉइस कॉल किंवा टीम चॅट म्हणून वाजणारा आवाज साध्या ॲपला मिळत नाही. म्हणून टीममेट रेकॉर्डिंगमध्ये मुके होतात. त्यात एकाच वेळी दोन ॲप्सना माइक हवा असेल, तर बऱ्याचदा एकाच्या वाट्याला शांतता येते.

स्वस्त आणि खात्रीचा मार्ग म्हणजे घरातला दुसरा फोन. त्याला कॉलर माइक लावा, व्हॉइस रेकॉर्डर चालू करा आणि शर्टाच्या खिशात ठेवा. खेळायच्या फोनवर स्क्रीन रेकॉर्डिंगला फक्त डिव्हाइसचा आवाज द्या. त्याच फोनवरून लाइव्ह जात असाल, तर मिसळलेला आवाज स्ट्रीमला जाऊ द्या, पण दुसऱ्या फोनवर तुमचा कोरा आवाज असेल. आता दोन्हीची वेळ जुळवायची, म्हणून सुरुवातीला एखादा ठळक क्षण पकडा: मेनूतलं बटण दाबा आणि दाबतानाच मोठ्याने "स्टार्ट" म्हणा. दर अर्ध्या तासाने पुन्हा करा, कारण दोन फोनची घड्याळं तंतोतंत एका वेगाने चालत नाहीत आणि लांबलचक रेकॉर्डिंगमध्ये आवाज सरकतो.

कॉम्प्युटर आणि फोन दोन्ही असतील, तर एससीआरसीपीवाय हे मोफत सॉफ्टवेअर बघा (उच्चार "स्क्रीन कॉपी" असा करतात). 2023 च्या 2.0 व्हर्जनपासून ते अँड्रॉइड 11 आणि पुढच्या फोनचा आवाजही यूएसबी केबलवरून कॉम्प्युटरवर आणतं. मग ओबीएसमध्ये ते ॲप्लिकेशन म्हणून निवडलं की ट्रॅक 3 तयार. फक्त एवढं, की आवाज फोनऐवजी कॉम्प्युटरवर वाजायला लागतो आणि किंचित उशिरा येतो. पावलांच्या आवाजावर खेळणाऱ्याला ते चालणार नाही. अँड्रॉइड 13 पासून दोन्हीकडे आवाज ठेवायचा पर्याय आहे, तो चालू करा.

गाण्यांचा हिशोब

जीटीए 5 मध्ये गाडीत बसलात की रेडिओवर खरी, कॉपीराइट असलेली गाणी वाजतात. यूट्यूबची कंटेंट आयडी सिस्टिम ती ओळखते आणि त्या व्हिडिओची कमाई गाण्याच्या मालकाकडे जाऊ शकते. ट्रॅक वेगळे असतील तर गेमचा आवाज तेवढ्या तुकड्यापुरता काढून तुमच्या बोलण्यासह व्हिडिओ नव्याने टाकता येतो. मिसळलेला असेल तर गाण्यासोबत तुमचं बोलणंही कापावं लागतं. सायबरपंक 2077 सारख्या काही गेममध्ये अशी गाणी बंद करायची सेटिंगच दिलेली आहे, ती आधी शोधा. पण लक्षात घ्या, लाइव्ह चालू असताना ट्रॅक 1 वर जे वाजलं ते वाजलं. म्हणून म्युझिक ट्रॅक 1 ला द्यायचं की नाही, हे स्ट्रीम सुरू करण्याआधीच ठरवा.

आज रात्री लाइव्ह जायच्या आधी दोन मिनिटांचं टेस्ट रेकॉर्डिंग करा. पहिली तीस सेकंद फक्त बोला, पुढची तीस फक्त खेळा, मग मित्राला डिस्कॉर्डवर बोलायला लावा, शेवटी तिघांचा एकदम गोंधळ होऊ द्या. मग व्हीएलसीमध्ये ट्रॅक 2 लावून ऐका. पहिल्या तीस सेकंदांनंतर तुम्ही गप्प असताना तिथे बंदुकीचा बारीकसा आवाज जरी आला, तर एक तर टीक चुकली आहे, नाहीतर हेडफोन कानातून निसटलाय.