मेर्सेदेस : मोटारीआधीचे नाव

मेर्सेदेस हे मुळात स्पॅनिश मुलीचे नाव. मराठीत ते 'मर्सिडीज' झाले आणि सेलू-परभणीकडे तर ते श्रीमंतीचे माप म्हणूनच तोंडी येते. एखाद्या मुलीला कोणी या नावाने हाक मारत असेल, ही कल्पना इकडे सहसा कोणाला सुचत नाही. प्रत्यक्षात मोटार या नावाच्या इतिहासात फार उशिरा आली. नाव तिच्याहून कित्येक शतके जुने आहे आणि त्याचे मूळ मजुरीत आहे.

लॅटिनमध्ये 'मेर्सेस' म्हणजे मोल, मजुरी, भाडे, केलेल्या कामाचा मोबदला. विकायच्या मालाला 'मेर्क्स' म्हणत. हे दोन्ही शब्द एकाच घरचे आणि आपण रोज वापरतो तो 'मार्केट' त्याच घरातून इंग्रजीमार्गे आलेला. सेलूच्या मोंढ्यात आडत्याच्या एकाच पट्टीवर मालाची किंमत आणि हमाली दोन्ही मांडलेल्या असतात. लॅटिनमध्ये तसा हिशेब एकाच धातूवर मांडला गेला. पुढे ख्रिस्ती धर्माच्या भाषेत या शब्दाला वेगळी झाक आली. देव देतो तो मोबदला माणसाच्या लायकीवर अवलंबून नसतो, म्हणून मोबदल्याची कृपा झाली आणि कृपेची दया. स्पॅनिशमध्ये त्याचे 'मेर्सेद' झाले, पोर्तुगीजमध्ये 'मेर्से', आणि फ्रेंचांनी त्याचा 'मेर्सी', म्हणजे आभार मानण्याचा शब्द केला.

दया आणि पैसा यांची गाठ मात्र सुटली नव्हती. तेराव्या शतकात भूमध्य समुद्राच्या दोन्ही काठांवर माणसे पकडून नेण्याचा आणि खंडणी घेऊन सोडण्याचा धंदा जोरात होता. अशा कैद्यांची सुटका करण्यासाठी पेद्रो नोलास्को याने 10 ऑगस्ट 1218 रोजी बार्सेलोनात एक धर्मसंघ स्थापला. अरागॉनचा राजा पहिला जाउमे याचा त्याला पाठिंबा होता आणि 1235 मध्ये पोप नववा ग्रेगरी याने मान्यता दिली. या संघाचे साधू नेहमीच्या तीन व्रतांशिवाय चौथेही व्रत घेत : कैद्याची श्रद्धा ढळण्याची वेळ आली तर त्याच्या जागी स्वतः ओलीस राहायचे. संघाची अधिष्ठात्री मेरी. तिला ते 'नुएस्त्रा सेन्योरा दे लास मेर्सेदेस', म्हणजे कृपांची माता, म्हणत. 1687 मध्ये बार्सेलोनावर टोळधाड आली तेव्हा नगरसभेने याच मातेला शहराची रक्षक ठरवले. तिचा सण 24 सप्टेंबरला असतो आणि बार्सेलोनात तो आजही मोठ्या धामधुमीत होतो.

मुलीचे नाव या बिरुदावरून आले. कागदोपत्री नाव असे 'मारिया दे लास मेर्सेदेस'; रोजच्या वापरात मारिया गळून पडली आणि बिरुद तेवढे उरले. मेरीच्या बिरुदांवरून मुलींची नावे ठेवण्याची स्पेनची ही पद्धत मराठी वाचकाला परकी वाटू नये. माहूरच्या देवीवरून रेणुका आणि अंबाजोगाईच्या देवीवरून योगेश्वरी ही नावे आपल्याकडे घरोघर आहेत. स्पॅनिशचा विशेष एवढाच, की यातली बरीच नावे अनेकवचनी असतात. दोलोरेस म्हणजे दुःखे, रेमेदिओस म्हणजे उपाय, मिलाग्रोस म्हणजे चमत्कार, तसे मेर्सेदेस म्हणजे कृपा, पण अनेक. मराठीत दया, कृपा, करुणा ही अर्थाने जवळची नावे. त्यांत मागणाऱ्याला एकदाच दान मिळते.

'मेर्सेद' शब्दाने आणखी एक काम केले. मोठ्या माणसाला 'वुएस्त्रा मेर्सेद', म्हणजे आपली कृपा, असे संबोधत. बोलता बोलता ते झिजून 'उस्तेद' झाले. स्पॅनिशमधले आजचे 'आपण' तेच. पोर्तुगीजांचे 'व्होसे'ही त्याच वाटेने आले.

आपल्या किनाऱ्यावर ही देवी पोर्तुगीज रूपात उतरली. पोर्तुगीजमध्ये मधला 'द' गळतो, म्हणून मेर्सेदेसचे मेर्सेस झाले. पणजीजवळ तिसवाडीत मर्सेस नावाचे गाव आहे, वसईतही मर्सेस आहे, आणि दोन्ही ठिकाणची चर्चे याच कृपामातेची. म्हणजे हे नाव कोकणपट्टीवर आधी गावाला लागले.

जगभर ते पसरवणारी मुलगी स्पॅनिश नव्हती, ख्रिस्ती घराण्यातलीही नव्हती. तिचा जन्म 16 सप्टेंबर 1889 रोजी व्हिएन्नात झाला. आजोबा अडोल्फ येलिनेक हे तिथले नामांकित ज्यू धर्मगुरू. वडील एमिल येलिनेक यांनी उमेदीची काही वर्षे मोरोक्को आणि अल्जीरियात घालवली होती. मुलीचे कागदावरचे नाव आद्रियाना मानुएला रामोना, सगळे स्पॅनिश वळणाचे, आणि घरात हाक मेर्सेदेस. ती लहान असतानाच तिची आई गेली. एमिलचा या नावावर इतका जीव, की नीस शहरातल्या आपल्या घराला त्याने तेच दिले आणि 1899 च्या मोटारशर्यतीत स्वतःही 'मस्य मेर्सेदेस' या टोपणनावाने उतरला. मुलगी तेव्हा नऊ वर्षांची होती.

एमिल डाइमलर कंपनीच्या मोटारी रिव्हिएराच्या धनिकांना विकत असे. मार्च 1900 मध्ये नीसजवळच्या एका घाट-शर्यतीत डाइमलरचा चालक विल्हेल्म बाउअर मरण पावला. गाडी उंच आणि आखूड होती. एमिलने लांब, रुंद, जमिनीलगतची नवी गाडी मागितली, 36 गाड्यांची साडेपाच लाख सुवर्ण मार्कांची मागणी नोंदवली आणि इंजिनाला मुलीचे नाव द्यायची अट घातली. विल्हेल्म मायबाखने आखलेली 35 अश्वशक्तीची पहिली गाडी डिसेंबर 1900 मध्ये त्याच्या हाती आली आणि मार्च 1901 मध्ये नीसच्या शर्यतींत तिने बाकीच्या गाड्यांना मागे टाकले. सप्टेंबर 1902 मध्ये 'मर्सिडीज' हे नाव कायद्याने नोंदले गेले. पुढच्या वर्षी एमिलने स्वतःचे आडनावच येलिनेक-मेर्सेदेस करून घेतले. बापाने मुलीचे नाव लावल्याचे असे उदाहरण क्वचितच सापडेल. मेर्सेदेसच्या वाट्याला मात्र सुख थोडेच आले. पहिल्या महायुद्धाने घरची श्रीमंती बुडाली, पहिला संसार मोडला, आणि 1929 मध्ये, वयाच्या 39 व्या वर्षी, हाडांच्या कर्करोगाने व्हिएन्नात तिचा मृत्यू झाला.

भारतात बनलेल्या गाड्यांत हे नाव आधी मालट्रकवर दिसले. 1954 मध्ये टेल्को आणि डाइमलर-बेंझ यांचा करार झाला आणि 1969 पर्यंत जमशेदपूरचे ट्रक 'टाटा मर्सिडीज-बेंझ' या नावाने आणि समोर तारा लावून रस्त्यावर येत. आलिशान मोटारी 1990 च्या दशकात पिंपरीत आणि 2009 पासून चाकणला बनू लागल्या.

मराठवाड्यात हे नाव खऱ्या अर्थाने गाजले ते ऑक्टोबर 2010 मध्ये. तेव्हाच्या औरंगाबादेतल्या व्यापारी-उद्योजकांनी एकगठ्ठा 150 मर्सिडीज घेतल्या. एकूण किंमत 65 कोटी रुपये. मागासलेपणाबद्दलच चर्चेत असलेल्या विभागाला ही बातमी अभिमानाची वाटली. त्याच वर्षअखेरीस पत्रकार पी. साईनाथ यांनी दुसरी बाजू लिहिली : या मोटारींसाठी सरकारी बँकेचे कर्ज 7 टक्क्यांनी मिळाले आणि त्याच भागातल्या शेतकऱ्याला ट्रॅक्टरसाठी त्याहून पुष्कळ जास्त दर पडला. कैद्यांची खंडणी भरून सुटका करणाऱ्या देवीचे नाव गाडीवर होते. कर्जातून सुटकेची गरज मात्र ट्रॅक्टरवाल्याला होती. या व्यवहाराकडे अभिमानाने पाहण्यासारखे फारसे काही नाही.

मुलीचे नाव म्हणून मेर्सेदेस आता खुद्द स्पेनमध्येही वयस्क बायकांत जास्त आढळते. नव्या पाळण्यात ते क्वचित घातले जाते. अर्जेंटिनाची गायिका मेर्सेदेस सोसा (1935-2009) आणि गाब्रिएल गार्सिया मार्केस यांची पत्नी मेर्सेदेस बार्चा (1932-2020) या नावाच्या अलीकडच्या ख्यातनाम स्त्रिया. कोणा मराठी घराला हे नाव मुलीला ठेवावेसे वाटलेच, तर ते 'मर्सिडीज' न लिहिता 'मेर्सेदेस' लिहावे. हाकेसाठी स्पॅनिश घरांतली 'मेर्चे' आणि 'मेचे' ही लाडाची रूपे तयारच आहेत.